उघडा पाय

तिर्झाने डाव्या हाताने दिराची पोटरी धरली आणि उजव्या हाताने ती कोर्टाने त्याला घातलेल्या जोड्याच्या चामडी वादीची गाठ चाचपू लागली. गाठ गुडघ्याखाली होती, दुहेरी. सोडायला डावा हात लावायचा नाही, हे तिला सकाळपासून तीनदा बजावलं होतं.

"सावकाश, बाई," लांब दाढीचे रब्बी म्हणाले. "घाई नाही."

घाई नाही. चार वर्षं ती हेच ऐकत होती. नवरा मेला, मागे मूल नाही, मग बायको दिराची. दिराने तिच्याशी लग्न लावायचं, नाही तर पाच माणसांसमोर आपल्या पायातला जोडा तिच्या हातून काढून घ्यायचा, म्हणजे ती सुटली. दिराशी लग्न आता कोणी लावत नाही, लावूही देत नाहीत. जोडा तेवढा उरला. तारीख मोबाइलवर येते, तिसऱ्या मजल्यावर लिफ्टने जायचं आणि हजारो वर्षांपूर्वी कुणी मारून ठेवलेली गाठ सोडायची.

या दिराला, निसिमला, ती नकोच होती. त्याला बायको होती, तीन मुली होत्या. पण पहिल्या तारखेला त्याची पाठ धरली, दुसरीला तो टोरांटोला गेला, तिसरीला फोनच उचलला नाही. तिने विनवावं, एवढंच त्याला हवं होतं. तिने विनवलंही. शेवटी रब्बींच्या कोर्टाने त्याचं ड्रायव्हिंग लायसन्स अडवलं, तेव्हा कुठे स्वारी आली.

तिर्झा एकोणचाळीसची होती. डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं होतं, मूल हवं असेल तर या वर्षी. पुढच्या वर्षीचं मी बोलणार नाही. खाली पार्किंगमध्ये आमोस गाडीत बसला होता. ही सुटल्याशिवाय त्या दोघांचं लग्न लावील असा रब्बी देशात नव्हता, आणि आमोस दोन वर्षं थांबला होता.

गाठ सुटली. तिने टाच उचलली, जोडा ओढला आणि पाय बघितला.

करंगळी शेजारच्या बोटावर चढलेली. तिच्या नवऱ्याची, एल्कानाचीही अश्शीच होती. शेवटचे दोन महिने इस्पितळात तिने तोच पाय मांडीवर घेऊन तेल चोळलं होतं, कारण बाकी कुठे हात लावला की तो कण्हायचा.

तिला काहीच वाटलं नाही. रडू नाही, राग नाही. जोडा हातात तसाच राहिला.

"फेका तो."

तिने फेकला. रिकाम्या खोक्यासारखा वाजला.

"आता थुंका. त्यांच्या समोर, जमिनीवर. आम्हाला दिसली पाहिजे."

शाळेत धर्मग्रंथात हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा तिला वाटलं होतं, थेट तोंडावर थुंकायचं. पण अर्थ लावायला पुरुष बसले होते. तोंडावर नाही म्हणे, तोंडासमोर. थुंकीसुद्धा त्यांनी सभ्य करून घेतली.

तरी ही थुंकी तिने चार वर्षं साठवली होती. भांडी घासताना बेसिनच्या जाळीवर नेम धरला होता. आता जीभ टाळूला चिकटली होती. तिने ओठ पुढे काढले, जोर केला. नुसती हवा.

"पाण्याचा एक घोट—" कडेचा रब्बी म्हणाला.

"अजिबात नको. थुंकी बाईंची स्वतःचीच हवी. म्हणून तर उपाशी बोलावलं."

"लिंबू आठवा, बाई," कारकून म्हणाला. कोणीतरी फिसकन हसलं. "हसता काय! मागच्या बाईंना लिंबानंच तारलं."

तिर्झाने लिंबू आठवलं. पिवळं, चिरलेलं. काही झालं नाही.

"नाहीच आली तर?" तिने विचारलं.

"तर पुढची तारीख." रब्बींनी कॅलेंडरकडे पाहिलं. "सण उरकल्यावर."

निसिम भिंतीला टेकून उभा होता. एक पाय उघडा, एका पायात स्वतःचा बूट.

"वहिनी," तो हळूच म्हणाला. "सुतक उठलं त्या दिवशी मी आईसमोर काय बोललो होतो, आठवतंय?"

आठवत होतं. पंधरा माणसं बसली होती. या वांझेनं माझ्या भावाचं नाव बुडवलं, असं तो म्हणाला होता आणि तिने खाली मान घातली होती. दोष एल्कानाचा होता. तपासणीचा कागद तिच्या कपाटात होता. पण मेलेल्या माणसाची अब्रू काढायची कशी? सासूने त्या दिवसापासून तिचं नाव घेतलं नाही.

"दोष त्याचा होता," निसिम म्हणाला. "मला ठाऊक होतं. लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी त्यानं सांगितलं होतं मला. बोललो तेव्हाही ठाऊक होतं."

"अहो, मध्ये बोलू नका!" रब्बी ओरडले.

तिर्झाच्या तोंडात पाणी आलं. कुठून आलं, तिला कळलं नाही. ती थुंकली.

पाच जण चष्मे सावरत पुढे वाकले.

"दिसली."

"मलाही."

"भरपूर आहे."

तिने ठरलेलं वाक्य म्हटलं: भावाचं घर जो उभं करत नाही, त्याचं असंच होतं. मग सगळ्यांनी तीनदा पुकारलं, जोडा काढलेला, जोडा काढलेला, जोडा काढलेला. कारकुनाने फरशीवर कागदी रुमाल टाकला आणि बुटाच्या टोकाने फिरवला.

"मोकळ्या झालात, बाई. सही इथे."

तिने सही केली. अक्षर नेहमीसारखंच आलं.

पर्स घ्यायला ती वळली तेव्हा निसिम बाकावर बसून मोजा उलगडत होता. त्याच्या करंगळीवर एक थेंब उडाला होता, ट्यूबलाइटमध्ये चमकत होता. कारकुनाने उरलेला रुमाल पुढे केला.

"असू दे," निसिम म्हणाला.

त्याने तो पुसला नाही. तसाच त्यावर मोजा चढवला.