विसरलेला चष्मा

गल्लीच्या तोंडाशी सलून चालवणारा माणूस मोठा वस्ताद होता. गिऱ्हाईक खुर्चीत बसलं, की तो त्याच्या हातात वर्तमानपत्र द्यायचा. "तुमचा आवाज भारदस्त आहे, जरा मोठ्यानं वाचा. माझे हात अडकलेत." गिऱ्हाईक फुशारून वाचायचं आणि दुपारपर्यंत याला जगाची खबर तोंडपाठ व्हायची. बाहेर कुठं कागद पुढे आलाच, तर तो खिसे चाचपायचा. "चष्मा विसरलो बघा." घरी मात्र ही थाप चालण्यासारखी नव्हती. तिथं त्याचे डोळे चुरचुरायचे आणि बायको कुरकुरत वाचून दाखवायची.

एक दिवस लेकीच्या शाळेतून दोघांना बोलावणं आलं. लेक चौथीत, घरात सगळे तिला भिंगरी म्हणायचे. वाचन शिकवणाऱ्या बाईंनी तिला शेजारी बसवून घेतलं होतं.

"हिचा चष्मा रोज घरी कसा राहतो?" बाईंनी विचारलं.

"कुठला चष्मा?" आई म्हणाली. "हिला चष्माच नाही."

भिंगरीनं बापाकडे पाहिलं. बापानं पंख्याकडे.

बाई गालात हसल्या. "काल हिला घोड्याचा धडा वाचायला दिला. 'घोडा'चा 'धोडा' झाला, मधली ओळ गळाली. मग हिनं पुस्तक मिटलं आणि पुढचं मनानंच सांगितलं. पुस्तकातला घोडा गवत खाऊन झोपतो. हिच्या घोड्यानं तबेल्यात संप केला. वर्गाला हिचाच आवडला."

"लबाड कुठली," आई म्हणाली.

"हुशार आहे म्हणून लबाडी जमते. याला डिस्लेक्सिया म्हणतात. डोळ्यांत काही दोष नाही. तुम्हाआम्हाला शब्द दिसला की त्याचा आवाज आपोआप मनात उमटतो. हिच्या मेंदूला अक्षर आणि आवाज यांची गाठ दर वेळी नव्यानं मारावी लागते. त्यात ती दमते आणि अंदाजानं ठोकून देते. वेगळ्या पद्धतीनं, सावकाश शिकवलं की वाचेल. जरा हळू, पण वाचेल." बाईंनी दोघांकडे पाहिलं. "हे पुष्कळदा घराण्यात चालत आलेलं असतं. तुमच्यापैकी कुणाला...?"

सलूनवाल्याचा हात सवयीनं खिशाकडे गेला आणि अर्ध्यावर थांबला. लहानपणी शाळेत मास्तरांनी त्याला मागच्या बाकावर बसवलं, ते कायमचंच. त्यानंही ते मुकाट्यानं मान्य करून टाकलं होतं.

"मला वाटायचं, मी ढ आहे," तो म्हणाला.

बायको त्याच्याकडे बघत राहिली. "आणि मला वाटायचं, तुम्ही आळशी आहात."

"तेच बरं होतं गं."

भिंगरी खुदकन हसली, मग आईही.

बाईंनी अक्षर मोठं गिरवत, त्याचा आवाज तोंडानं काढत सराव करायला सांगितलं होतं. दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर भिंगरी सलूनमध्ये दाखल झाली आणि दाढीचा फेस तिनं थेट आरशावर फासला.

"'ध'च्या डोक्यावर गाठ असते, बाबा. 'घ'ला नसते. आवाज काढा."

"ध," बाप म्हणाला आणि बोटानं 'घ' काढला.

"परत."

खुर्चीतल्या गिऱ्हाइकाची एकाच गालाची दाढी झाली होती. "अहो, माझा दुसरा गाल?"

"थांबा हो काका," भिंगरी म्हणाली. "बाबांचा 'ध' व्हायचाय अजून."

आरशावरचा फेस संपला होता. सलूनवाल्यानं काकांच्या उरलेल्या गालावरचा बोटभर फेस उचलला आणि पुन्हा आरशाकडे वळला.