कोपरे नसलेली टोपी

मित्रांनो, माझा डबा उघडताना नाक जरा दूर धरा. मी बातमीपटाचे जुने रीळ आहे आणि माझ्या अंगाला आता व्हिनेगरचा वास येतो. रीळ कुजू लागले की असाच वास सुटतो.

त्रेपन्न सालच्या फेब्रुवारीत समुद्राने सखल झेलंड प्रांताचे बांध फोडले, त्या आठवड्यातला माझा जन्म. वीबे नावाचा कॅमेरावाला नावेत उभा होता. समोर आउडेमूर गावातल्या एका घराचे छप्पर तेवढे पाण्यावर उरले होते. त्यावरच्या बाईने आपली सहा वर्षांची पोर, नेल, नावेत सोडली आणि आपल्या म्हाताऱ्या सासूला आणायला ती परत वळली. वळताना तिने एकदा मागे पाहिले. वीबेने ते सारे माझ्यावर उतरवले. नाव दुसऱ्या फेरीला आली तेव्हा छप्पर नव्हते.

मग मी शहरोशहरीच्या चित्रपटगृहांत फिरलो. लोक मला पाहून रडत आणि घरी जाऊन पूरग्रस्तांसाठी ब्लँकेटे बांधत. पण आउडेमूरच्या कोणीच मला पाहिले नाही. ते कडवे प्रोटेस्टंट. चित्रपटगृहाची पायरी चढणे त्यांच्यात पाप होते.

पुढे मी संग्रहालयात आलो. तिथल्या कारकुनाने बाईची पांढरी टोपी पाहिली आणि डब्यावर शेजारच्या कॅथलिक गावाचे नाव लिहिले: सिंट-यान. आमच्याकडे टोपीवरून बाईचे गाव कळते आणि चर्चही कळते. सिंट-यानच्या टोपीला कोपरे, आउडेमूरची शिंपल्यासारखी गोल. पण तो शहरातला माणूस. त्याला सगळ्या टोप्या सारख्याच.

नेलच्या घरचे फोटो पुरात गेले होते. आईचा चेहरा तिला आठवेना. मोठेपणी ती संग्रहालयाला पत्रे लिही, "आउडेमूरचे काही आहे का?" उत्तर येई, "नाही." मी तिथेच होतो, दुसऱ्याच्या नावाने.

साठ वर्षांनी मार्लूस नावाच्या नव्या अधिकारी बाईंना माझा वास लागला. त्यांनी मला सिंट-यानच्या म्हाताऱ्या मंडळींसमोर दाखवायला नेले. नेलही तिथल्याच एका मैत्रिणीबरोबर, कोरीबरोबर, आली होती.

"अगं, ही टोपी आमची!" नेल ओरडली.

"घ्या! टोप्या तुमच्या, आता पूरही तुमचाच का?" कोरी हसली.

"कोपरा दाखव, कोरी. एक तरी दाखव."

कोरी पुढे वाकून कोपरा शोधू लागली. पडद्यावर पोर नावेत उतरली.

"ती मी," नेल म्हणाली आणि खुर्चीवरून उठली. बाई वळली. आता ती मागे पाहणार होती. नेमका तेवढाच माझा भाग नासला होता. पडदा पांढरा झाला.

"पुढे?"

"पुढचं उरलं नाही हो, नेलबाई," मार्लूस म्हणाल्या. "पाच वर्षं आधी हाती लागलं असतं तर..."

"मी चाळीस वर्षं विचारत होते, बाळ."

आता माझ्या डब्यावर खरे नाव आहे. अक्षरही सुरेख आहे. मित्रांनो, आम्हाला थंड, कोरड्या जागी ठेवाच. पण नाव लिहिण्याआधी त्या गावचे कोणी जिवंत असेल तर त्याला विचारा. माझी नक्कल पाहायला नेल दर महिन्याला येते. ती टोपीची गोल पाठ पाहते आणि पडदा पांढरा होण्याआधी डोळे मिटून घेते.