वजन अठ्ठावीस, वेग एक

मी एक जुना घण आहे. लगेच नाक मुरडू नका, मित्रांनो. मी कुठल्या भट्टीत जन्मलो नाही आणि मला गंजही चढत नाही. मी एका व्हिडिओ गेममध्ये राहतो. पडके किल्ले, धुक्यातले पूल आणि त्यांवर उभे असलेले चिडके शिपाई, अशा ठिकाणी माझी नोकरी आहे. तिथे माझ्या नावाखाली दोनच गोष्टी लिहिल्या आहेत : वजन अठ्ठावीस, वेग एक. वेगाचे आकडे एकापासूनच सुरू होतात, तेव्हा माझ्याहून हळू कुणी नाही हे उघड आहे. अठ्ठावीस म्हणजे किलो की पोती, हे मात्र आजवर मला कुणी सांगितलेलं नाही. मी आपला पोती धरून चालतो.

माझा जन्म एका ऑफिसच्या तिसऱ्या मजल्यावर, खिडकीजवळच्या टेबलावर झाला. एका चित्रकार बाईंनी मला कॉम्प्युटरवर काढलं आणि माझा एक कोपरा मुद्दाम फुटका ठेवला. त्यामुळे मी अनुभवी दिसेन, असं त्यांचं म्हणणं होतं. म्हणजे मी जन्मालाच जुना आलो. माझा आवाज तयार करायला एका गृहस्थांनी रिकामं लोखंडी कपाट जमिनीवर आडवं पाडलं. माझा घाव बसल्यावर शेवटी जी ठकठक ऐकू येते ती मात्र माझी नाही. खालच्या मजल्यावरचा माणूस जाब विचारायला आला होता, त्याने दार वाजवलं, आणि रेकॉर्डिंग चालूच होतं. सगळ्यांना ते आवडलं, म्हणून तसंच ठेवलं.

मग एका तरुणाने मला वापरून पाहिलं. त्याचं कामच ते होतं, दिवसभर खेळायचं आणि तक्रारी करायच्या. "हा उचलेपर्यंत माझा चहा गार झाला," तो म्हणाला. बाईंनी थोडा विचार केला आणि माझा जोर तिप्पट करून टाकला. वेग गेला, जोर आला. सौदा मला पसंत होता, आणि मोठ्या अपेक्षेने मी गेममधल्या एका पेटीत जाऊन बसलो.

ती पेटी उघडली तेरा वर्षांच्या एका मुलीने. तिची मावशी तिला फटफटी म्हणते, म्हणून मीही तेच म्हणतो. ही मुलगी बोलते भराभर, जेवते भराभर, आणि जिन्यावरून उतरताना तिसरी, सहावी आणि नववी एवढ्याच पायऱ्या वापरते. पेटीत मला पाहून ती म्हणाली, "शी, हा कसला?" एवढंच माझं स्वागत झालं.

तरी तिने मला एकदा वापरलं, आणि तिथेच आमचं बिनसलं. तिने बटण दाबलं. मी निघालो. पण मी निघालोय हे तिला दिसेना, कारण माझं निघणं जरा वेळ घेतं. म्हणून तिने परत दाबलं, आणि परत. आता मी पडलो आज्ञाधारक. तीनदा सांगितलं, तीनदा घाव घातला. पहिला एका सांगाड्याला लागला. दुसऱ्या घावाला तिथे कुणीच नव्हतं. तिसऱ्यासाठी मी डोक्यावर असताना मागून दोन सांगाडे आले, आणि गेममधल्या आमच्या नायिकेचा दम संपल्यामुळे तिला पळताही येईना. दम म्हणजे पडद्यावरची हिरवी पट्टी. मी एका घावाला तिचा तिसरा हिस्सा खातो, हे मी लपवत नाही. नायिका मेली आणि खापर माझ्या डोक्यावर फुटलं.

त्यानंतर दीड वर्ष मी नायिकेच्या पिशवीत होतो. सोबत सतरा औषधी मुळ्या, तीन टोप्या आणि एक मासा. मासा कशासाठी जपला होता, ते त्यालाही ठाऊक नव्हतं. बाहेर मान मिळायचा तो दोन सुऱ्यांना. सारख्या सळसळायच्या, एका दमात दहा वार, सगळे बारीक. परत आल्या की त्याच रंगवून सांगायच्या. मी ऐकायचो आणि वाईट वाटून घ्यायचो. मित्रांनो, नुसतं पडून राहण्याचा कंटाळा येतोच, पण आपल्यात जोर आहे आणि कुणी विचारत नाही, याने जीव जास्त दुखतो.

मग आला लांब पुलावरचा पहारेकरी. तो ढाल घेऊन उभा असतो आणि कुणालाही पलीकडे जाऊ देत नाही. सुऱ्या त्याच्या ढालीवर नुसत्या टिकटिकायच्या. फटफटी त्याच्याकडून त्रेचाळीस वेळा मेली. शेवटी तिने ठरवलं की सुऱ्यांना धार चढवायची. गेममधल्या लोहाराने त्यासाठी मागितलं वजनी लोखंड, आणि तिच्या पिशवीत वजनी असं एकच होतं. लोहाराने मला ऐरणीवर ठेवलं. पडद्यावर अक्षरं आली : वितळवायचे का? होय, नाही. तिचा अंगठा 'होय'वर होता. मी आयुष्यात कुणापुढे हात जोडले नाहीत, मला हातच नाहीत. पण त्या दिवशी जोडले असते.

तेवढ्यात दाराची बेल वाजली आणि मावशी आली. आली म्हणजे फटफटीच्या आईने आणि टॅक्सीवाल्याने मिळून आणली, कारण तिचा डावा पाय गुडघ्यापर्यंत प्लास्टरमध्ये होता. ही मावशी बंदरावर क्रेन चालवते. रोज चाळीस मीटर उंच शिडी चढून केबिनमध्ये बसते आणि जहाजातून घराएवढ्या पेट्या उचलून खाली ठेवते. बावीस वर्षांत तिला साधं खरचटलं नाही, आणि बल्ब बदलताना ती स्टुलावरून पडली. प्लास्टर निघेपर्यंत चोवीस दिवस तिने बहिणीकडे राहायचं ठरलं होतं. तिला सोफ्यावर बसवलं, पाय उशीवर ठेवला, आणि समोरच टीव्हीवर मी, ऐरणीवर.

"हे कोण?" तिने विचारलं.

"घण आहे. वितळवतेय."

"का गं? चांगला दणकट दिसतोय."

"अगं मावशी, फार हळू आहे तो! एकदा बटण दाबलं की वर जातो, तिथे काहीतरी विचार करतो, मग खाली येतो."

"मीसुद्धा तसंच काम करते," मावशी म्हणाली. "मला वितळवणार का?"

फटफटीने डोळे फिरवले, पण अंगठा बाजूला घेतला. मग दोघींचं ठरलं. प्लास्टर निघायच्या आत माझ्या हातून पहारेकरी पडला तर मी वाचलो, नाही पडला तर लोहार. माझ्या जिवाची मुदत मावशीच्या हाडावर ठरली, आणि तिचं हाड जरा सावकाश जुळावं असं माझ्या मनात आलं. याची मला आजही लाज वाटते.

कंट्रोलर हातात घेताच मावशी खूश झाली. दोन्ही अंगठ्यांखाली दोन दांड्या, अगदी तिच्या केबिनसारख्या. पण सवयी घात करतात. खाली माणूस उभा असेल तर क्रेनवाले माल उचलत नाहीत. मावशी माझ्यासकट पुलावर गेली, पहारेकऱ्यासमोर उभी राहिली आणि मोठ्याने म्हणाली, "अहो, सरका जरा, वर वजन आहे." तो सरकला नाही. त्याने एका फटक्यात आम्हाला नदीत पाठवलं. फटफटी सोफ्यावरून खाली लोळली.

"तू त्याला सांगतेस काय? त्याच्यावरच टाकायचाय!"

"असं होय," मावशी म्हणाली. "कठीण आहे. बावीस वर्षं उलटं शिकलेय."

ती वरचेवर मरत राहिली, पण मरताना बघत राहिली. चौथ्या दिवशी फटफटी खेळत असताना तिने विचारलं, "बटण तीनदा का दाबतेस?"

"तो पटकन ऐकत नाही म्हणून."

"ऐकतो गं. तू तीनदा सांगितलंस, तर त्याने तीनदा ऐकलं. बिचारा."

बिचारा! जन्मापासून माझ्याबद्दल कुणी पहिल्यांदाच असं बोललं होतं. मला भरून आलं आणि त्या नादात माझा पुढचा घाव दगडावर बसला.

मग तिने प्लास्टरवर पेनने आकृती काढून समजावलं. "माल हवा त्या जागी पोचला की थांबवू म्हणशील, तर तोवर तो भिंतीत शिरलेला असतो. आधी थांबवायचा. तसंच याचं. पहारेकरी आत्ता कुठे आहे ते सोड. घण खाली येईल तेव्हा तो कुठे असेल?"

"मला काय माहीत!"

"मग बघ ना. त्रेचाळीस वेळा मेलीस, एकदा तरी बघितलंस का त्याच्याकडे?"

फटफटीने नव्हतं बघितलं. आता दोघी शाळेनंतर बसून नुसत्या बघू लागल्या. पहारेकरी तीन वार करायचा, मग ढाल जमिनीवर टेकून श्वास घ्यायचा. सुऱ्यांच्या काळात फटफटी त्याच वेळी लांब पळायची. मावशीने सांगितलं, त्याचा तिसरा वार सुरू होतानाच त्याच्या बगलेत शिरायचं आणि मला उचलायचं. मी वर पोचेपर्यंत त्याचा वार हवेत जातो, मी खाली येईपर्यंत त्याची ढाल टेकलेली असते आणि डोकं उघडं. एक घाव, आणि मागे. दुसऱ्याचा मोह नको. हिरवी पट्टी पुन्हा भरली की पुढचा. असे चार घाव नीट बसले की तो गुडघ्यावर येतो. हा शोध लागला त्या दिवशी दोघी एवढ्या ओरडल्या की चष्म्याच्या दुकानातल्या नोकरीवरून दमून आलेली आई दारातच थबकली.

"ताई, तू हिला अभ्यासाला बसवशील म्हणून मी निर्धास्त होते," ती म्हणाली.

"हा अभ्यासच चाललाय," मावशी म्हणाली.

तेविसाव्या दिवशी पहारेकऱ्याच्या जिवाची लाल पट्टी नखाएवढी उरली. कंट्रोलर मावशीकडे होता. एकच घाव पुरेल असं वाटलं. तिने घातला, तो बसला, आणि तरीही केसभर पट्टी शिल्लक राहिली. तेव्हा मावशीने, एवढं सगळं शिकवणाऱ्या मावशीने, घाईने पुन्हा बटण दाबलं. काय सांगू मित्रांनो, मी वर जाताना खाली पहारेकऱ्याची तलवार येताना बघत होतो, आणि मला थांबता येत नव्हतं.

आम्ही पुन्हा नदीत. "मी दोनदा दाबलं," मावशी म्हणाली. आणि मग तिला इतकं हसू आलं की उशीवरचा पाय घसरला.

दुसऱ्या दिवशी सकाळी प्लास्टर निघालं. डॉक्टरांनी पाय वाकवून पाहिला आणि आणखी तीन आठवड्यांनी कामावर जायला सांगितलं. मावशी आपल्या घरी गेली. जाताना तिने माझ्यासाठी रदबदली केली नाही. ठरलं ते ठरलं, असा तिचा स्वभाव. मुदत संपली होती.

फटफटी मात्र लोहाराकडे जायचं टाळत राहिली. कधी परीक्षा, कधी कंटाळा. तीन आठवडे मी पिशवीत मोजून काढले. मग एका दुपारी ती लोहारासमोर उभी राहिली. मी ऐरणीवर. वितळवायचे का? तिने बराच वेळ पडद्याकडे पाहिलं. "एकदाच," ती पुटपुटली, मला उचललं आणि पुलावर गेली.

त्या दिवशी ती पहारेकऱ्याकडे नीट बघत खेळली. पहारेकऱ्याचा तिसरा वार सुरू झाला की बटण दाबायची, एकदा, आणि उजवा अंगठा दातात धरून ठेवायची, तो पुन्हा बटणाकडे जाऊ नये म्हणून. मी वर जायचो. तिथे काहीतरी विचार करतो म्हणे मी. खरं सांगतो, मी तिथे फक्त वजन गोळा करतो. शेवटच्या वेळी केसभर पट्टी उरली, अगदी तशीच. समोर तो ढाल टेकून उभा, आमचा दम दोन बोटं शिल्लक. तिने नाही दाबलं. ती मागे सरली. त्याने तीन वार केले, तिने चुकवले, आत शिरली, आणि मग दाबलं. मी खाली आलो. पहारेकरी ढालीसकट आडवा झाला.

फटफटीने मावशीला फोन लावला. मावशीने उचलला नाही. त्या दिवशी तिचा कामावरचा पहिला दिवस होता. दुसऱ्यांदा लावायला अंगठा गेला आणि थांबला. तिने फोन सोफ्यावर ठेवला. गेम बंद केला नाही. मला हातात घेऊन नायिका पुलावर उभी, आणि ही मुलगी, जिला दात घासतानाही दम निघत नाही, ती हाताची घडी घालून बसून राहिली. पन्नास मिनिटं.

मग फोन वाजला.

"माल हवेत होता गं," मावशी म्हणाली. "आत्ता टेकवला. काय झालं?"

"पडला."

"वा गं!" मावशी ओरडली. मग मावशीने विचारलं, "आणि घण कुठाय? मुदत तर संपली होती."

"हातात आहे," फटफटी म्हणाली. एवढंच म्हणाली, आणि तिला रडू आलं, का ते तिलाही कळलं नाही. मला कळलं.

मित्रांनो, आता माझं एकच मागणं. तुमच्या घरातही कुणीतरी असेल, हाक मारली की लगेच ओ न देणारं. त्यांना दुसऱ्यांदा हाक मारण्याआधी थोडं थांबा. पहिली त्यांना पोचलेली असते. ते निघालेले असतात.