धनाजीचा दहावा

सुलक्षणानं नवऱ्याच्या पिंडापुढं जिलेबी सरकवली आणि हात जोडले. नदीकाठच्या आंब्यावर कावळे होते, पण एकही खाली उतरेना.

"दादा, पोरीला शिकवतो," धाकटा दीर गेनू म्हणाला. "रानाची वाटणी मागणार न्हाई."

कावळे ढिम्म. ऊन चढलं. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करू का म्हणून विचारलं, तशी सुलक्षणा कळवळली. भोरहून पिऊन येताना धनाजी हिर्डोशीच्या अलीकडच्या वळणावर मोटारसायकलसकट दरीत गेला होता. आता गवताच्या कावळ्यानं त्याची बोळवण तिला नको होती.

"वैनी, त्याला काय पायजे ते समद्यांस्नी ठावं हाय," गेनू पुटपुटला.

ठाऊक होतं, पण बोलणार कोण? गावातलं देशीचं दुकान सुलक्षणानंच बंद पाडलं होतं. बाटली उभी ठेवायची की आडवी, यावर बायकांचं मतदान झालं, तेव्हा आडव्या बाटलीसाठी ती शेजारच्या सगुणाबाईला घेऊन दारोदार फिरली होती. धनाजी माणूस वाईट नव्हता, त्याची संध्याकाळ तेवढी वाईट असायची. दुकान होतं तोवर चार घरं ओलांडून झोकांड्या खात का होईना, घरी यायचा. दुकान गेलं आणि त्यानं भोरची वाट धरली.

"आणा, कुणाकडं असंल तर," ती म्हणाली.

बायकांतून सगुणाबाई उठली, घराकडं गेली आणि पदराखाली बाटली घेऊन परत आली.

सुलक्षणा बघतच राहिली. "काकू, तुमी इकता?"

"दुकान बंद झालं तवापासनं. परसदारी." सगुणाबाईला रडू फुटलं. "धनाजीला बी म्हनलं हुतं, एवढ्या लांब कशाला जातूस, हितंच घे. तर म्हनला, बायकोनं गाव सुदारलंय काकू. मीच गावात पिलो, तर तिचं कोण ऐकंल?"

सुलक्षणानं बाटली घेतली. बूच काढून निम्मी दारू पिंडापुढच्या वाळूत ओतली.

"घ्या," ती पिंडाला म्हणाली. "हितंच घ्या. आता लांब जाऊ नगा."

जरा वेळानं मागं गलका झाला, "शिवला, शिवला!" सुलक्षणानं वर पाहिलं नाही. तिनं बाटली पिंडाशेजारी उभी केली होती, आणि ती आडवी होऊ नये म्हणून दोन्ही हातांनी भोवती वाळू लावत होती.