पडणारी घोडी आणि शेरीफची निवडणूक

सोरेल वेल्सच्या शेरीफला घोड्यावर बसता येत नाही, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं आणि आजवर कुणाला त्याचं काही वाटलं नव्हतं. एल्डन टटल निळ्या प्लिमथ गाडीतून फिरायचा. गाडीत खोकल्याच्या गोळ्या, एक घोंगडी आणि बहुतेक वेळा कुणाचं तरी हरवलेलं कुत्रं असायचं. कमरेचं पिस्तूल तो दर रविवारी पुसायचा. माणसावर मात्र ते कधी रोखलं नव्हतं. दारू चढलेल्या माणसाशेजारी पायरीवर बसायचं, त्याचं रडगाणं संपेपर्यंत ऐकायचं, मग त्याला घरी पोचवायचं, ही त्याची कामाची रीत. ॲरिझोनाच्या त्या तांबड्या मुलखात तेवढ्यावर भागत होतं. तीन निवडणुका तो गाडीच्या खिडकीतून हात हलवतच जिंकला होता.

मग घरोघर टेलिव्हिजन आला.

गुरुवारी रात्री लागणारी शेरीफची मालिका गावामागच्या डोंगरातच चित्रित होत असे. लोक पुढच्या खोलीत बसून मागच्या दारचा डोंगर बघायचे, आणि रोज ज्याच्याकडे ढुंकून पाहत नव्हते त्या डोंगराकडे टक लावून बसायचे. मालिकेतला शेरीफ उंच, सडपातळ. बोलणं मोजकं, घोडा पांढराशुभ्र. हळूहळू गावाचीही चाल बदलली. गुरांमागे जन्म काढलेले गडी चांदीची बक्कलं लावून दाराच्या चौकटीला टेकून उभे राहायला शिकले. डोळे बारीक करून क्षितिजाकडे बघू लागले. गाईंना आपले गुराखी ओळखू येईनात.

त्यातच ट्रॉय मेरिवेदरने निवडणुकीला उभं राहायचं जाहीर केलं. ट्रॉय त्याच मालिकेत काम करायचा. नायकामागून दौडणाऱ्या घोडेस्वारांत त्याचा घोडा असायचा. हनुवटी अशी, की डोंगराच्या कड्याने हेवा करावा.

"त्याला काय येतं?" एल्डनने रात्री बायकोला विचारलं.

मोझेल पीचची फळं सोलत होती. "दिसायला येतं," ती म्हणाली. "तेवढं पुरतं हल्ली."

"आणि मी?"

"तू बटाट्याच्या पोत्यासारखा दिसतोस रे. मला आवडतात बटाटे. पण मतदारांचं मला काय ठाऊक?"

एल्डन हसला खरा. शेरीफपणाशिवाय त्याला दुसरं काही येत नव्हतं. आणि या एका कामात आपण चांगले आहोत, असं त्याला मनातून, कुणाला न सांगता, वाटत असे. छातीवरचा शेरीफच्या हुद्द्याचा तो चांदीचा तारा गेला, तर खाली उरेल ते नुसतं सदऱ्याचं भोक.

म्हणून चार जुलैच्या, स्वातंत्र्यदिनाच्या मिरवणुकीत घोड्यावरून जायचं त्याने ठरवलं, आणि तो ओपल रॅन्समच्या तबेल्यात गेला. ओपल सत्तरीची, काटक, तोंडाने फटकळ. चित्रीकरणाला लागणारे सगळे घोडे तिच्याकडूनच जात.

"तो तपकिरी घेऊन जा," ती म्हणाली. "म्हातारा आहे. चालता चालता झोपतो. तुमची जोडी जमेल."

एल्डनची नजर मात्र पलीकडच्या पांढऱ्या घोडीवर खिळली होती. मान अशी, की जणू चांदणं वाकून पाणी पितंय.

"ती कोण?"

"ती पर्ल. तिचं नाव काढू नकोस. ती पडणारी घोडी आहे."

"आजारी आहे?"

"आजारी असशील तू! पडायला शिकवलेली आहे. गोळी लागली की घोडा कोसळतो ना टीव्हीत? ती हीच. डावा लगाम खेचला की अंग टाकते. मरते अशी, की दगडाला रडू यावं."

"गरीब आहे का पण?"

"कोकरू आहे. पण एल्डन, अरे, ऐक माझं..."

"डावा लगाम खेचायचा नाही. एवढंच ना? मला काय डावं-उजवं कळत नाही होय?"

ओपलने कपाळाला हात लावला. "रस्ता कडक आहे, तिथे ती पडायची नाही. तिला स्वतःच्या हाडांची काळजी आहे, तुझ्यापेक्षा जास्त. पण मिरवणूक शेवटी घोड्यांच्या खेळाच्या रिंगणात शिरते आणि तिथली माती नांगरून भुसभुशीत केलेली असते. तिथे लगाम सैल सोड आणि देवाचं नाव घे."

चार जुलैला एल्डन खुर्चीवरून पर्लच्या पाठीवर चढला. खुर्ची मोझेलने धरली होती. रस्त्याने सगळं झकास पार पडलं. बँड वाजत होता, माणसं दुतर्फा उभी होती, आणि पर्ल नव्या नवरीसारखी एकेक पाऊल टाकत होती. पुढे ट्रॉय आपल्या काळ्या घोड्यावर ताठ बसला होता. पण लोक मान वळवून पांढऱ्या घोडीकडे बघत होते. "अरे, हा आपला टटल?" कुणीतरी म्हणालं, आणि एल्डनची छाती खोगिरावर फुगली. आपण उंच झालो, सडपातळ झालो, असं त्याला खरोखर वाटलं.

त्या वाटण्यातच घात झाला. रिंगणात शिरल्याबरोबर टाळ्यांचा कडकडाट उठला, आणि मालिकेतला शेरीफ दर गुरुवारी शेवटी जे करतो तेच एल्डनने केलं. उजव्या हाताने टोपी उचलली, उंच धरली आणि अंग मागे रेलून लोकांना सलाम केला. डावा लगाम डाव्या हातात तसाच होता. अंगाबरोबर तोही मागे गेला.

पर्लने एक उसासा टाकला. मान वळवली, गुडघे दुमडले, आणि पांढरा डोंगर ढासळावा तशी ती मऊ मातीत आडवी झाली. एल्डन टोपीसह हवेत गेला. तिथे त्याला जरा विचार करायला वेळ मिळाला, असं तो पुढे सांगायचा. मग तो तोंडावर आपटला.

सगळं रिंगण गप्प झालं. पर्ल डोळे मिटून मेलेली. एल्डनने तोंडातली माती थुंकली, तिच्या कानाशी जाऊन विनवलं, "ऊठ ना गं बाई. लोक बघतायत."

मग जे हसू फुटलं ते डोंगरापर्यंत गेलं. ओपल येऊन चुचकारेपर्यंत घोडी काही उठली नाही. संध्याकाळपर्यंत पोरींनी दोरीवरच्या उड्यांसाठी गाणंही बांधलं:

घोडी पांढरी, मिशी काळी,
शेरीफ निघाला मोठ्या आळी;
घोडीला आली गोड डुलकी,
शेरीफसाहेब घोडीखाली!

"घोडीखाली नव्हतो मी," एल्डन रात्री म्हणाला. "बाजूला होतो."

"गाण्यात असंच असतं," मोझेल त्याच्या गुडघ्याला मलम चोळत म्हणाली.

"गेली निवडणूक, मोझेल."

ती मलम चोळत राहिली.

दुसऱ्या दिवशी दारात एक घामाघूम माणूस उभा राहिला. मालिकेचा दिग्दर्शक. "काल पडलात ते तुम्हीच ना?" त्याने विचारलं. "माझी माणसं पडतात ती आपण परत उठणार हे माहीत असल्यासारखी. तुम्ही तर जमीन कुठे आहे हेच ठाऊक नसल्यासारखे पडलात. मला ते हवंय. घोडाचोराचं काम आहे, सुरुवातीलाच मरतो."

"मी शेरीफ आहे हो."

"आमच्याकडे आहे शेरीफ. चोर हवाय."

एल्डन नाही म्हणणार होता. पण सगळं गेलंच आहे तर निदान पर्लची माफी मागता येईल, असं काहीसं त्याच्या मनात आलं, आणि तो गेला. दिवसभर पडला. एकदाही धड पडता आलं नाही, म्हणून दिग्दर्शक बेहद्द खूश.

तो भाग निवडणुकीच्या आधीच्या गुरुवारी लागला. टटलांच्या पुढच्या खोलीत शेजारीपाजारी दाटीवाटीने बसले. पडद्यावर गोळी सुटली, पर्ल कोसळली, आणि एल्डन टटल हातपाय पसरून अख्ख्या अमेरिकेसमोर आकाशातून खाली आला. शेजारच्या विधवा मिसेस ग्रिगरी ओक्साबोक्शी रडल्या. एल्डन त्यांच्याशेजारीच केक खात बसला होता, त्याचा त्यांना उपयोग झाला नाही.

"काय मेलास रे!" त्या डोळे पुसत म्हणाल्या. "आमच्या वॉल्टरलाही इतकं छान जमलं नव्हतं."

मंगळवारी अग्निशमन बंबाच्या खोलीत मतं मोजली गेली. एल्डन जिंकला, आणि असा जिंकला, की तसा पूर्वी कधी जिंकला नव्हता. ट्रॉयने मोठ्या मनाने हात मिळवला. "काय सांगू, टटलकाका," तो म्हणाला, "इतकी वर्षं मी त्या मालिकेत दौडतोय. माझी नुसती पाठ दिसते. तुमचं तोंड दिसलं."

लोक एल्डनच्या पाठीवर थापा मारत होते. कुणाचं कुत्रं विहिरीतून काढलं म्हणून नाही, दारुड्याला घरी पोचवलं म्हणून नाही. "काय पडलास!" म्हणत होते. एल्डन हसत होता, आणि तारा छातीवर होता तिथे आत काहीतरी खुपत होतं.

घरी जाताना तो तोंड पाडून गाडी चालवत होता.

"जिंकलास ना?" मोझेल म्हणाली. "मग तोंड का असं?"

"मला निवडलंच नाही कुणी. त्या पडणाऱ्या माणसाला निवडलं. मला बघून मत दिलेलं एक तरी माणूस असेल का या गावात?"

"एक आहे."

"तू." त्याला बरं वाटलं. "तू घोडाचोराला मत दिलं नाहीस तर."

"नाही," मोझेल खिडकीबाहेर बघत म्हणाली. "ट्रॉयला दिलं."

गाडी रस्त्याच्या कडेला थांबली.

"काय?"

"तू हरलास तर संध्याकाळी घरी असशील, असं वाटलं मला. गरम जेवशील. कुणाच्या तरी पायरीवर बसण्यापेक्षा कधीतरी आपल्या पायरीवर बसशील. तुला चांगली ओळखते मी, म्हणून दिलं ते मत. दुसऱ्या कुणाला बघून नाही."

एल्डनने तिच्याकडे बघितलं. मग त्याला हसू फुटलं. पोटातून, खांदे हलवत. दारं-खिडक्या थरथरल्या, मागच्या सीटवरचं कुणाचं तरी कुत्रं जागं झालं. सबंध निवडणुकीत नेमकं त्यालाच पाहून दिलेलं एक मत होतं, आणि ते त्याच्याविरुद्ध पडलं होतं. पण पडलं होतं.

"उद्या लवकर येईन," तो डोळे पुसत म्हणाला.

"येणार नाहीस," मोझेल म्हणाली. "चल आता. थंडी वाजतेय."