फान मास्तरांचा ठोकळा

मी ठोकळा बोलतोय. मुठीत मावेन एवढा, काळपट, वीज पडलेल्या बोरीच्या लाकडाचा. सध्या माझा मुक्काम दाराखाली असतो, तेव्हा तुम्हाला जरा वाकून ऐकावं लागेल.

ज्या सुताराने मला घडवलं, त्याने गिऱ्हाइकाला एवढंच सांगितलं होतं की वीज अजून लाकडात आहे, जपून आपटा. गिऱ्हाईक म्हणजे सात पुलांच्या गावातले कथेकरी, फान मास्तर. तिसऱ्या पुलाजवळच्या चहाघरात ते रोज दुपारी गोष्ट सांगत आणि ती ऐन रंगात आली की मला टेबलावर आपटून म्हणत, "पुढचं उद्या." आपटण्याआधी ते जे शेवटचं वाक्य बोलत, ते खरं होई. तेवढंच. पुढचं खरोखरच उद्या.

यामुळे गावाची थोडी गैरसोय होई. एकदा गोष्टीत न्हाव्याने शेजारच्या मेइलान काकूंची दाढ चिमट्यात धरली आणि मास्तरांनी मला आपटलं. दुसऱ्या दुपारपर्यंत दोघंही खरोखरच तशीच होती. पण तक्रार कुणी केली नाही. अर्ध्यावर सोडणं ही कथेकऱ्यांची रीतच, आणि 'संपली' हा शब्द बैठकीत उच्चारणं अशुभ. पाचव्या पुलाखालचा नदीदेवसुद्धा पुढचं ऐकायला दुसऱ्या दिवशी ओल्या पायांनी हजर असे. खोटं कशाला बोलू, माझ्या आवाजाने माणसं दचकली की मलाही मूठभर मांस चढायचं.

चहाघर सूयुनचं. तिचा नवरा लिनताओ डोंगरात चहाची पानं आणायला गेला, तो तीन वर्षं परतला नव्हता. एक दिवस मास्तरांपुढे पेला ठेवून ती म्हणाली, "मास्तर, त्याला गोष्टीतून घरी आणा."

मास्तर विरघळले. पण कथेकरी तो कथेकरीच. एका वाक्याचं काम त्यांनी चाळीस दिवस पुरवलं. वाटेत वाघ घातला, पूर घातला, माणसाचं रूप घेणारी एक कोल्हीण घातली आणि तिच्याशी लग्नाची बोलणीही घातली. सूयुन रोज किटली धरून उभी राही आणि चहा पेल्याबाहेर सांडे. चाळिसाव्या दिवशी मास्तर म्हणाले, "लिनताओने दारावर थाप मारायला हात उचलला," आणि मला आपटलं.

दार उघडलं तर तो खरंच उभा होता. चिखलाने माखलेला, हात वर, पापणीसुद्धा हलत नव्हती.

दुसऱ्या दिवशी मास्तर आले नाहीत. सकाळी पेज पिता पिता ते गेले होते. शिष्य त्यांनी केला नव्हता, आणि एकाची गोष्ट दुसरा कथेकरी पुढे नेत नाही.

लिनताओ दारातच राहिला. सूयुन त्याच्या खांद्यावरचं बर्फ झाडायची, तोंड पुसायची, काल कोण आलं कोण गेलं ते सांगायची. नवखं गिऱ्हाईक त्याच्या मनगटाला छत्री अडकवून आत येई. मेइलान काकू म्हणाल्या, "अगं, तुझ्याने निदान हात तरी उचललाय. आमचे घरात असून बोट हलवत नाहीत."

बर्फ वितळलं तेव्हा सूयुनने मला उचललं. ती म्हणाली, "त्याने थाप मारली, दार उघडलं, तो येऊन माझ्यासमोर बसला आणि म्हणाला..." पण वीस वर्षांचं ऐकणं अंगात मुरलेलं असतं. ऐन रंगात तिचा हात आपोआप खाली आला.

लिनताओ आत येऊन बसला. तोंड उघडं, शब्द नाही.

लोकांनी आधी वाहवा केली आणि मग सल्ले सुरू झाले. न्हावी म्हणाला, त्याला माफी मागू दे. काकू म्हणाल्या, तुझी आठवण यायची असं म्हणू दे. सूयुन कितीतरी वेळ त्या उघड्या तोंडाकडे बघत होती.

"मी सांगेन ते बोलला, तर ते माझंच बोलणं," ती म्हणाली. "ते मी तीन वर्षं ऐकतेच आहे."

ती काय करणार ते माझ्या लक्षात आलं, आणि मी घाबरलो. काकूंच्याही लक्षात आलं असावं. गोष्टीबरोबर तोही गेला तर, त्यांनी विचारलं.

"गेला तर गेला. स्वतःच्या पायांनी तरी जाईल." तिने मला डोक्याच्या वर नेलं. "गोष्ट संपली."

आवाज नेहमीसारखाच झाला. माझ्यातली वीज गेली, एवढंच.

लिनताओने तोंड मिटलं, इकडेतिकडे पाहिलं आणि कपाळाला आठ्या घालून विचारलं, "दाराची कडी कुणी बदलली?"

"तू नव्हतास तेव्हा मोडली," सूयुन म्हणाली, आणि भर गिऱ्हाइकांत, किटली खाली न ठेवता, रडली.

आता गावात दाढा एका दमात निघतात. मी साधं लाकूड झालोय. सूयुनला दिवसा हे दार मिटलेलं खपत नाही, म्हणून तिने मला त्याच्याखाली सारलंय. तेव्हा जाता-येता मला पायाने सरकवू नका. आणि तुमची कुणी वाट बघत असेल, तर दाराबाहेर हात उचलून उभे राहू नका. थाप मारा.