टवका उडालेल्या कपाचं माप

या मित्रांनो, जवळ या. अजून थोडे जवळ. मला आता मोठ्याने बोलवत नाही आणि एकच गोष्ट दोनदा सांगायची ताकदही उरलेली नाही. ओट्याखालच्या या मैद्याच्या डब्यात हळूच डोकावा. पिठात कमरेपर्यंत बुडालेला, कान तुटलेला, तोच मी. आज तुम्हाला दोन जावांची, उन्हाळ्यातल्या एका साध्या केकची आणि नऊ वर्षांच्या अबोल्याची गोष्ट सांगतो. देवाने मला एकच कान दिला होता, तो गेला. तुमचे दोन्ही शाबूत आहेत, तेव्हा मन लावून ऐका.

मी एक जुना कप आहे. पांढऱ्या मातीचा, काठाला निळी रेघ असलेला. ज्या हातांनी मला चाकावर फिरवलं ते मला आठवत नाहीत, पण भट्टीतली धग आठवते. त्या धगीतून सुखरूप बाहेर काढणाऱ्या देवाचे मी तेव्हाच आभार मानले होते. पुढे किती उकळता चहा पोटात घ्यायचा आहे हे तेव्हा ठाऊक असतं, तर कदाचित जरा कमी मानले असते.

आम्ही सहा भावंडं होतो. गवताच्या पेंढ्यात गुंडाळून, पुठ्ठ्याच्या खोक्यातून आम्ही या घरात आलो ते थोरलीच्या लग्नातला आहेर म्हणून. थोरली म्हणजे या घरातली मोठी सून. रुंद हातांची, हळू चालणारी, काम करताना देवाचं गाणं गुणगुणणारी. तिचा नवरा छापखान्यात मुद्रितं तपासायचा. पानभर मजकुरातला हरवलेला स्वल्पविराम त्याला लांबून दिसे, पण समोरच्या टेबलाची कड दिसत नसे. एका सकाळी वाचता वाचता त्याने मला टेबलावर ठेवलं, आणि जिथे ठेवलं तिथे टेबल नव्हतं. माझा कान गेला. काठाचाही एक टवका उडाला, चांगला अंगठ्याच्या नखाएवढा खोल. थोरली म्हणाली, पाहुण्यांपुढे नाही चालणार, पण पीठ काढायला काय हरकत आहे. तिने मला धुतलं, पुसलं आणि या डब्यात ठेवलं. तेव्हापासून मी इथेच आहे. माझी पाच भावंडं पाहुण्यांपुढे मिरवता मिरवता एकेक करून फुटली. मी मात्र मोडका म्हणून टिकलो.

त्या दिवसांत खालच्या मजल्यावर पियानो दुरुस्त करणारा एक कारागीर राहायचा. त्याची बायको इटलीची. तिला आपली भाषा जेमतेम येई, पण थोरलीचं गाणं जिन्यातून ऐकू आलं की ती वर येऊन दाराशी उभी राही. एका उन्हाळ्यात ती ओंजळभर पीच घेऊन आली आणि खुणांनीच म्हणाली, कप दे. थोरलीच्या हाताला मी लागलो, तिने मलाच पुढे केलं. त्या दुपारी मी पहिल्यांदा तो केक पाहिला. तीन अंडी आणि साखर इतकी फेटायची की पिवळा रंग पार फिका पडावा. मग लिंबाची किसलेली साल, वाटीभर दही, थोडं तेल. शेवटी मैदा, हलक्या हाताने. वरून पीचच्या सालीसकट चंद्रकोरीसारख्या फोडी गोल रचायच्या, त्यांवर चिमूटभर साखर भुरभुरायची आणि ओव्हनमध्ये सरकवून द्यायचं. ना साय, ना सजावट. पण भाजला जायला लागला की फोडींचा रस खाली मुरे, कडा तपकिरी होत आणि जिन्यातून जाणारी माणसं वर बघत.

मैदा किती? दोन कप. इटलीच्या बाईने मला दोनदा भरलं, अंगठ्याने सपाट केलं आणि मान डोलावली. थोरलीने तेच शिकून घेतलं. आता नीट ऐका, कारण सगळ्या दुखण्याचं मूळ इथे आहे. अंगठा माझ्या काठावरून फिरत टवक्यापाशी आला की खाली उतरे आणि वरचं पीठ त्या खिंडीतून डब्यात परत सांडे. म्हणजे मी कधी पुरा भरतच नसे. दोन कप म्हणता म्हणता भांड्यात दीडच कप पडे. थोरलीला हे कुणी सांगितलं नव्हतं. तिच्या अंगठ्याला ते ठाऊक होतं, तिला नव्हतं.

पुढे धाकटी आली. थोरलीच्या दिराची बायको. तिचे वडील दवाखान्यात कंपाउंडर होते. औषधाचा थेंब इकडचा तिकडे होता कामा नये, अशा घरात ती वाढलेली. चहात साखर घालतानाही ती चमचा डोळ्यांसमोर धरून बघायची. थोरली हसून म्हणायची की आमच्या धाकटीकडे चहा मागितला तर आधी वजन आणि वय सांगावं लागतं. धाकटीही हसायची. दोघींचं छान जमत होतं. एकीने चिरायचं, दुसरीने फोडणी द्यायची, आणि मी डब्यातून दोघींचं बोलणं ऐकायचो. माझ्या आयुष्यातले तेच बरे दिवस.

लग्नानंतरच्या दुसऱ्या उन्हाळ्यात धाकटीचे आईवडील पहिल्यांदाच लेकीकडे राहायला आले. धाकटीला हौस वाटली की वहिनींचा तो केक आपल्या हाताने करून वडिलांना घालावा. तिने कृती विचारली. थोरलीने अंड्यांपासून ओव्हनपर्यंत सगळी सांगितली, आणि मैदा दोन कप, त्याच कपाने, असंही सांगितलं. धाकटीने मला उचललं. माझा टवका बघून तिच्या कपाळाला आठी पडली. मोडक्या मापाने पीठ सांडतं, मग माप ते कसलं? म्हणून तिने डाव्या हाताचं बोट त्या टवक्यावर घट्ट दाबून धरलं आणि मला काठोकाठ भरलं. दोनदा.

मित्रांनो, मी ओरडलो असतो. पण मातीला तोंड असलं तरी जीभ नसते.

केक दगडासारखा झाला. वरच्या फोडी बिचाऱ्या कोरड्या पिठात रुतून बसल्या होत्या. कंपाउंडरांनी एक तुकडा तोंडात टाकला, बराच वेळ चघळला आणि लेकीकडे बघून विचारलं, "पोरी, हे चावून घ्यायचं की पाण्याबरोबर?"

सगळे हसले. थोरलीही हसली. तिच्या मनात काही नव्हतं, पण धाकटीला इतर कुणाचं हसू दिसलं नाही, तेवढं एकच दिसलं. आईवडील आपल्या घरी परतल्यावर ती स्वयंपाकघरात आली आणि शांतपणे म्हणाली, "वहिनी, कृती द्यायची नव्हती तर नाही म्हणायचं होतं. काहीतरी गाळून सांगायची काय गरज होती?"

थोरलीच्या हातातलं फडकं तसंच राहिलं. तिने शपथेवर सांगितलं की मी काही गाळलं नाही. धाकटी म्हणाली की मग तुमचाच तेवढा फुलतो कसा? याला थोरलीकडे उत्तर नव्हतं. ज्याच्याकडे होतं तो पिठात बसला होता.

त्या दिवसापासून अबोला. फळीचे दोन भाग झाले, डावा थोरलीचा, उजवा धाकटीचा. मैद्याचा डबा तेवढा सामाईक राहिला. बोलायचंच झालं तर दोघी भिंतीशी बोलत. थोरली भिंतीला सांगे की कुणाचं तरी दूध उतू चाललं आहे. धाकटी खिडकीला सांगे की काही लोकांनी ओव्हन वापरून झाल्यावर पुसला तर बरं. दोघे भाऊ मधे पडत नसत. मुद्रितं तपासणारा म्हणे, यात माझी दुरुस्ती चालत नाही. धाकटा लिफ्ट दुरुस्त करायचा. तो म्हणे, अडकलेली लिफ्ट मी काढतो, अडकलेली माणसं नाही. दोघं हसत आणि आपापल्या कामाला जात. विनोद करून सुटका होते, पण गाठ सुटत नाही.

असे नऊ उन्हाळे गेले. दर उन्हाळ्यात थोरली तो केक करायची आणि एक तुकडा ताटलीत झाकून उजव्या फळीवर ठेवायची. संध्याकाळी तो तुकडा तसाच डाव्या फळीवर परत आलेला असे. थोरली तो पाखरांना घाली. मी थकलो ते पीठ उपसून नव्हे, मित्रांनो. खरं ठाऊक असून सांगता येत नाही, हे ओझं फार जड असतं.

दहाव्या उन्हाळ्याच्या तोंडाशी थोरली ओट्यापाशीच कोसळली. पक्षाघात. उजवी बाजू गेली, वाचा गेली. दवाखान्यातून घरी आणलं तेव्हा तिच्या डोळ्यांत ओळख होती, पण तिने खाणं सोडलं. चमचाभर सूप तोंडात घालावं तर ओठांच्या कोपऱ्यातून ओघळून जाई. डॉक्टरांनी सांगितलं की चार दिवसांत पोटात काही गेलं नाही तर नाकातून नळी घालावी लागेल, आणि एकदा नळी घातली की या अवस्थेत ती निघेलच असं नाही.

धाकटी दोन्ही फळ्या सांभाळत होती. तीच थोरलीला पुसायची, कूस बदलायची, केस विंचरायची. एक शब्दही न बोलता. अबोल्याचीसुद्धा हाताला सवय लागते.

तिसऱ्या दिवशी मुद्रितं तपासणारा बाजारातून आला आणि पीचची पिशवी टेबलावर ठेवून नुसता उभा राहिला. दरवर्षी आणायचा, म्हणून आणले. आता त्यांचं काय करायचं हे त्यालाच कळेना. धाकटीने एक पीच उचलला, हुंगला आणि डबा उघडून मला बाहेर काढलं. तिचा हात गार होता.  तिच्या मनातलं मला स्पष्ट कळलं. पुन्हा दगड झाला, तर ज्या बाईला सूप गिळवत नाही तिच्या घशात तो अडकेल.

मग तिने एका हाताखाली डबा घेतला, दुसऱ्या हातात मला घेतलं, आणि ती थोरलीच्या खोलीत गेली. थोरलीला उशांना टेकवून बसवलं, पलंगावर जुनं वर्तमानपत्र पसरलं, वर डबा ठेवला आणि कडेला टेकली.

"वहिनी, नऊ वर्षं मी तुम्हाला खोटं ठरवलं. आता भांडायला वेळ नाही. जे सांगायचं राहिलं असेल ते आज दाखवा."

तिने मला थोरलीच्या डाव्या हातात दिलं.  पहिल्या खेपेला मी हातातून निसटलो आणि पिठात पडलो. धाकटीने मला उचलून परत दिलं. दुसऱ्या खेपेला थोरलीने मला पिठात खुपसलं, बाहेर काढलं आणि अंगठा काठावरून फिरवला. डावा अंगठा, आयुष्यात कधी हे काम न केलेला. पण रस्ता त्यालाही ठाऊक होता. तो टवक्यापाशी आला, खाली उतरला आणि पीठ खिंडीतून सांडलं. थोरलीने मला पुढे केलं. झाला कप.

"भरला कुठे अजून?" धाकटी म्हणाली, आणि सवयीने तिने टवक्यावर बोट दाबलं.

थोरली त्या बोटाकडे बघत राहिली. मग माझ्याकडे. मग परत बोटाकडे. तिने मला मांडीवर टेकवलं आणि डाव्या हाताने धाकटीचं बोट हळूच टवक्यावरून दूर केलं. अंगठा पुन्हा फिरवला. पीठ पुन्हा सांडलं. आणि तिच्या तोंडाच्या ज्या अर्ध्या बाजूला हसता येत होतं, ती बाजू हसली.

धाकटीचा चेहरा उतरला. "म्हणजे तुम्हालाही ठाऊक नव्हतं," ती म्हणाली.

थोरलीने मान हलवली. नव्हतं.

धाकटी त्या वर्तमानपत्रावरच डोकं टेकून रडली. थोरलीचा हात तिच्या केसांवर फिरत राहिला आणि केस पांढरे होत गेले, पिठाने. अहो, नऊ वर्षांत असं मायेने कुणी कुणाला शिवलं नव्हतं.

केक भाजला. जिन्यातली माणसं वर बघू लागली. धाकटीने मधला मऊ भाग काढला, गरम दुधात कुस्करला आणि रस मुरलेली पीचची एक फोड चमच्याने मोडून थोरलीच्या ओठांशी नेली. पहिला घास ओघळला. दुसरा आत राहिला. तिसऱ्याला घसा हलला. मुद्रितं तपासणारा दारात उभा होता, त्याने भिंतीला हात टेकला. त्या दिवशी सहा चमचे गेले, दुसऱ्या दिवशी सूपही गेलं. नळी काही घालावी लागली नाही.

पण मी तुम्हाला गोड बोलून फसवणार नाही. थोरली पुढचा उन्हाळा बघू शकली नाही. देवाने तिला आणखी सात महिने दिले. त्या सात महिन्यांत धाकटी तिच्याशी इतकं बोलली की लिफ्टवाला म्हणे, अबोलाच बरा होता, निदान झोप लागायची. थोरली नुसती ऐकायची. तिला उत्तर देता येत नव्हतं. नऊ वर्षं देता येत होतं, तेव्हा कुणी विचारलं नाही. हे आठवलं की मला फार थकवा येतो.

आता मला काठापासून बुडापर्यंत एक केसासारखी बारीक चीर गेली आहे. धाकटी मला गरम पाण्यात घालत नाही. कोमट पाण्याने धुते, उन्हात वाळवते आणि पुन्हा पिठात ठेवते. परवा कुणीतरी नवं मापाचं भांडं भेट दिलं, रेघा आखलेलं. तिने आभार मानले आणि ते फळीवर ठेवून दिलं. एक दिवस ते लागणारच आहे. माझी काही तक्रार नाही.

मित्रांनो, तुमच्या घरात माझ्यासारखी मोडकी वस्तू असेल तर फेकण्याआधी तिच्यावर कुणाचा हात बसला आहे ते बघा. आणि कुणी सांगितलेलं जमलं नाही, तर त्या माणसाला खोटं ठरवण्याआधी एकदा म्हणा, करून दाखवा. जीभ विसरते ते हात सांगतो. पण हात चालू आहे तोवरच.

थकलो आता. झाकण लावा. फक्त एवढं करा, उन्हाळ्यात कधी पीच चिरायला बसलात, तर त्या रुंद हातांच्या, गुणगुणणाऱ्या बाईची आठवण काढा. नऊ वर्षं ती दर उन्हाळ्यात एक तुकडा झाकून ठेवत होती, आणि तो परत येणार हे तिला ठाऊक होतं.